राखणदारासमोरचा खेळ

मी संकलन कुठल्या शाळेत शिकले नाही. तुटलेली फिल्म जोडता जोडता शिकले आणि कुठल्याही स्टुडिओची चाकरी न करता केस पांढरे केले. सिनेमा तपासायचा तर मी पडद्याकडे पाठ करून बसते आणि खुर्च्या ऐकते. माणूस कंटाळला की खुर्ची कुरकुरते. तोंडं खोटं बोलतात, खुर्च्या नाहीत.

त्या दिवशी थायलंडातल्या खोन केनजवळच्या एका गावी मी नुसता सिनेमा पोचवायला गेले होते. दिग्दर्शकाचं नाव अनुचा, त्याचा तो पहिलाच; संकलन माझं. पुरा झाला तर गावच्या राखणदार देवाला दाखवीन, असा त्याच्या आईचा नवस होता. पण वितरक अडून बसला होता: म्हातारी उंबऱ्यावर मुलाची वाट बघते तो लांबलचक तुकडा काढा, नाहीतर सिनेमा घेत नाही. सकाळपर्यंत उत्तर द्यायचं होतं, आणि अनुचा कापायला तयार झाला होता.

"मावशी, लोक झोपतील हो त्यात."

"तू झोपतोस का?"

तो रिळांचे डबे उतरवू लागला.

दिवेलागणीला राखणदाराच्या देवळासमोर, गावोगाव पडदा लावणाऱ्या बुनसोंगकाकांनी उदबत्त्या लावून यंत्र सुरू केलं. समोर लाल प्लास्टिकच्या खुर्च्यांच्या ओळी, सगळ्या रिकाम्या. नवसाच्या खेळाला त्या राखणदारासाठी आणि त्याच्या सोबत्यांसाठी असतात; त्यांत जिवंत माणसाने बसायचं नसतं. मी सवयीने पडद्याखाली, खुर्च्यांकडे तोंड करून बसले. खाचरांतून कुजक्या पेंढ्याचा वास येत होता. वारा पडलेला.

बाजाराचा प्रसंग आला. भराभर तुकड्यांचा, माझा लाडका. आणि एक खुर्ची कुरकुरली. मग शेजारची. मग अख्खी ओळ...

खुर्च्या मात्र रिकाम्याच होत्या.

मग पडद्यावर म्हातारी उंबऱ्यावर येऊन बसली असणार, कारण खुर्च्या थांबल्या. बेडूकही थांबले. अंधारात कुणीतरी श्वास रोखून धरला होता... कितीतरी जणांनी.

अनुचा माझ्याशेजारी कधी येऊन बसला, कळलं नाही. "मावशी... ऐकलंत?"

"ऐकलं. बाजार मी कापते. म्हातारीला हात लावलास तर याद राख."

त्याने तिथूनच फोन करून वितरकाला नकार कळवला. आवाज कापत होता पोराचा, पण कळवला.

खेळ संपला. खुर्च्या उचलायला गेलो तर एकही उचलेना. काका हळूच म्हणाले, "अजून बसलेत. पुढे काय, विचारतायत."

मी घसा खाकरला. "पुढचा पावसाळा सरला की आणते. आता उठा."

खुर्च्या पिसासारख्या हलक्या झाल्या. पहिल्या ओळीतली एक सोडून.

तो सिनेमा आम्हीच गावोगाव फिरवला, आणि चालला. आता दरसाल मी त्या देवळात नवा सिनेमा घेऊन जाते. ती खुर्ची तिथेच आहे. चार माणसांनी ओढली तरी हलत नाही. फक्त मी यायच्या आदल्या दिवशी, झाडणारी बाई सांगते, ती रस्त्याकडे तोंड करून असते.