जिन्याखालचा फ्यूज

टॉर्च घेऊन तणतणत तमाली जिना उतरली आणि जिन्याखालच्या अंधारात थेट एका लांबुडक्या तरुणावर आदळली. त्याच्या हातात तिच्याच घराचा फ्यूज होता.

"चोर!"

"अहो, चोर नाही... पुतण्या," तो गडबडून म्हणाला. "वर्धमानहून आलोय. जेठूंनी सांगितलंय, रोज दिवेलागणीला हा काढायचा."

जेठू म्हणजे त्याचे थोरले काका, घरमालक भवतोष लाहिडी. भवानीपूरच्या त्यांच्या घरात वरच्या मजल्यावर तमालीचे वडील निरापदबाबू तिच्या जन्माआधीपासून भाडेकरू. वरची वीज जेठूंच्याच मीटरवरून जायची. भाडेकरूला हुसकायला कोर्टात कशाला जायचं, फ्यूज काढला की काम झालं, असा त्यांचा साधा विचार. उकाड्याने निरापदबाबू डोक्यावर ओला गमछा घेऊन बसत. वैशाखात वीज आली नाही, तर बाबांना घेऊन मावशीकडे बारासातला जायचं, असं तमालीने मनाशी ठरवलं होतं.

"भाडेकरूची वीज तोडायला कायद्याने बंदी आहे. मी वकील आहे, आलीपूर कोर्टात!"

"अरे वा! किती केसेस जिंकलात?"

"ही... पहिलीच."

तो हसला. गालाला खळी पडली. तमालीला स्वतःचाच राग आला, कारण ती खळी तिने टॉर्च जवळ नेऊन नीट पाहून घेतली होती.

दुसऱ्या दिवसापासून तो फ्यूज काढायला यायचा आणि ती भांडायला. त्याचं भारदस्त नाव उपमन्यू, पण घरात सगळे त्याला बुबाई म्हणत. फ्यूज काढण्याआधी बुबाई आता मोठ्याने खोकायचा, तिला वर ऐकू जावं म्हणून. आणि पंखा थांबायच्या आत ती जिन्यात हजर!

"आज भांडायला पावडर लावून आलात?"

"घामोळ्यांची आहे ती. तुमच्या जेठूंची कृपा."

"छान दिसतेय... कृपा."

एकीकडे तमालीचा लढा चालूच होता. घरात राहणाऱ्याला स्वतःच्या नावावर मीटर घेता येतं, त्याला घरमालकाची परवानगी लागत नाही, हे तिने वीज कंपनीच्या साहेबांना कायदा दाखवून पटवलं. तेव्हा नवं मीटर जिथे बसणार, त्या जिन्याखालच्या खोलीला जेठूंनी कुलूप ठोकलं आणि किल्ली बुबाईकडे दिली. कंपनीची माणसं आली, की जेठू तोंडभरून स्वागत करायचे. लुची, आलूर दम, वर गोड दही, आणि गप्पांचा असा अड्डा, की कचेरीची वेळ संपायची. भरल्या पोटी गप्पा मारणाऱ्या कलकत्तेकराला उठवायचं कुणी? पुढच्या खेपेला साहेब दोन कामगारांसोबत हवालदारालाही घेऊन आले, तर हवालदारानेही पुन्हा दही मागितलं.

जिन्यात तमालीचे डोळे भरून आले. "किल्ली द्या ना..."

"दिली तर जेठू मला रस्त्यावर काढतील. नोकरी लागायचीय अजून."

"ठीक आहे. आम्ही उद्या बारासातला चाललो. मग बसा एकटेच खोकत!"

बुबाईचा चेहरा खर्रकन उतरला. ती नसलेला जिना त्याला नकोच होता.

हे सगळं निरापदबाबूंनी वरून ऐकलं. गमछा खांद्यावर टाकून ते खाली आले आणि जेठूंच्या दिवाणखान्यात शिरले, तिथे साहेब नि हवालदार अजून दहीच खात होते. "लाहिडीबाबू, तुमची कोळंबी म्हणजे मासाच नव्हे हो! मासा एकच, आमचा पद्मा नदीचा हिलसा."

झालं! जेठू ताडकन उठले. निरापदबाबू पूर्वेकडचे बंगाली नि जेठू पश्चिमेकडचे, त्यात माशावरून वाद. साहेब हिलशाच्या बाजूने, हवालदार कोळंबीच्या. आवाज इतका चढला, की बुबाईने कुलूप उघडलेलं कुणाला कळलंच नाही. दोघा कामगारांनी मीटर बसवलं, तार जोडली आणि वरच्या मजल्यावर पंखा करकरत फिरू लागला.

जेठू बोलता बोलता थांबले. "कुलूप कुणी उघडलं?"

"मी, जेठू."

"मग उचल बॅग नि चालता हो!"

"आमच्याकडे राहा की," निरापदबाबू म्हणाले. "बाहेरची खोली रिकामीच आहे."

"खबरदार! पोटभाडेकरू ठेवता येत नाही. कायदा मीही वाचलाय. घर खाली करून घेईन!"

सगळे वकीलबाईंकडे बघू लागले.

"जेठू बरोबर बोलताहेत," तमाली म्हणाली. बुबाईने बॅग उचलली. "पण..." तिने ओढणी बोटाला गुंडाळली, "घरातलाच माणूस असला — म्हणजे जावई वगैरे — तर घरमालकाला हरकत घेता येत नाही."

"जावई... कुणाचा?" बुबाईने विचारलं.

"बाबांना एकच मुलगी आहे."

हवालदार खो खो हसला. जेठू खुर्चीत मटकन बसले. निरापदबाबूंनी लेकीकडे पाहिलं, मग बुबाईकडे, आणि त्याला जिन्याची वाट करून दिली.

"मीच विचारणार होतो," जिना चढताना तो पुटपुटला. "नोकरी लागल्यावर."

"तोवर थांबले असते होय मी!" असं म्हणून तमालीने बॅगेचा एक बंद आपल्या हातात घेतला.