पहिलं हसू

प्रयोगशाळेच्या खाटेवर श्रीरंग गद्रे छताकडे बघत पडले होते. पक्षाघातानं हातपाय आणि वाचा दोन्ही गेली होती, म्हणून त्यांच्या मेंदूत मनातलं बोलून दाखवणारा वाचासेतू बसवला होता. तीस वर्षं टीव्हीवरच्या ‘श्रीरंगचं बिऱ्हाड’ या विनोदी मालिकेत ते स्वतःच्याच नावानं वावरले आणि बायकोच्या स्वयंपाकाच्या नावानं खडे फोडत राहिले. घरात मात्र हा गृहस्थ अबोल. आमटीचा भुरका मारायचा आणि रिकामी वाटी मुकाट्यानं पुढे करायची, की झालं कौतुक! त्या वाटीचं चित्रण कुणी कशाला करून ठेवेल?

“हेतू मेंदूतला, पण शब्द जुन्या चित्रणातले,” सेतू घडवणारी शर्वरी मोहिते डॉक्टर अन्सारींना सांगत होती. “एवढं बोलणं साठवलेला रुग्ण पुन्हा मिळायचा नाही.”

“पण शब्द बरोबर निवडलेत, हे सेतूला कसं कळतं?”

“ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावरून. समोरचा खुलला की हिरवा दिवा लागतो आणि ती वाट पक्की होते. आज संध्याकाळी त्याचं शिकणं संपेल. मग बदल नाही.”

“आणि नुसत्या हसण्यालाच तो भुलला तर?”

“मग गद्रे स्वतःच सांगतील की!”

सकाळपासून श्रीरंग हेच तर सांगू बघत होते. हे शब्द माझे नाहीत हो, असं त्यांनी जीव तोडून म्हटलं. बाहेर पडलं, “औषधं कसली देताय डॉक्टर? हिच्या हातचं जेवून जगलोय मी, आता मला काय होणार!”

दोघंही खो खो हसले. हिरवा दिवा लागला.

तेवढ्यात त्यांच्या पत्नी उज्ज्वलाताई डबा घेऊन आल्या. चित्रीकरणाला त्या नेहमी पहिल्या रांगेत बसत आणि सगळ्यांच्या आधी हसत. जिची थट्टा तीच हसतेय म्हटल्यावर प्रेक्षकांना मोकळीक मिळायची. आज मात्र त्या हसल्या नाहीत. वाटीत आमटी ओतून त्या त्यांच्या कानाशी वाकल्या.

“एकदाच खरं सांगा. माझी आमटी कधी आवडली का हो तुम्हाला?”

श्रीरंगांना भरून आलं. तीस वर्षांच्या सगळ्या वाट्या त्यांनी एका ‘हो’त ओतल्या.

“आमटी?” सेतू ठसक्यात बोलला. “अगं, मी तर तिनं रोज चूळ भरायचो!”

दाराशी शर्वरीला हसू आवरेना, पण बाईंसमोर हसावं कसं, म्हणून तिनं तोंडावर हात धरला. उज्ज्वलाताईंनी ते पाहिलं. वाटीवर झाकण ठेवलं, आणि सवयीनं त्याच आधी हसल्या.

हिरवा दिवा लागला. बाहेर संध्याकाळ होत आली होती.