हप्ता तेवढाच

रात्रपाळी करून आलेल्या माणसाने दार उघडू नये, असा तिचा नियम होता. त्या सकाळी तो मोडला, कारण बेल थांबेना आणि बाबा फिरायला गेले होते.

दारात एक उंच माणूस उभा होता. गळ्यात ओळखपत्र, हातात मोबाइलएवढं पिवळं यंत्र आणि चेहऱ्यावर उशीर झाल्याचा अपराधी भाव.

"बँकेकडून आलोय. घर मोजायचंय."

तिने काही न विचारता त्याला आत घेतलं. घरावर बँकेचं कर्ज होतंच. घर बँकेचं, आपण नुसते राखणदार, असं बाबाच म्हणायचे. मालकाचा माणूस आला तर अडवणार कोण?

ती खुर्चीत बसून राहिली. इस्पितळात ती एक्स-रे काढायची. शिशाचा एप्रन रात्रभर अंगावर वागवल्यावर खांदे आपले राहत नाहीत. तो यंत्राचं बटण दाबायचा, समोरच्या भिंतीवर लाल ठिपका उमटायचा आणि तो आकडा पुटपुटत लिहून घ्यायचा. ठिपका भिंतीवरून कपाटावर गेला, कपाटावरून घसरला आणि तिच्या खांद्यावर येऊन थांबला.

"सॉरी."

"किती भरलं?"

"काय?"

"अंतर."

त्याने यंत्राकडे पाहिलं. "दोन मीटर चाळीस. म्हणजे... माझ्यापासून तुमच्यापर्यंत."

"लिहून घ्या मग. बँकेला लागेल."

त्याने खरंच पेन उचललं, मग खाली ठेवलं, आणि घाईघाईने स्वयंपाकघराकडे गेला. ती बऱ्याच दिवसांनी हसली. हसतानाही खांदे दुखले.

मोजून झाल्यावर त्याने विचारलं, "कर्ज दुसऱ्या बँकेत हलवायचं कारण काय लिहू?"

"आम्ही कुठे हलवतोय?"

"ही बी विंग ना?"

"ए."

त्याने हातातला कागद पुन्हा वाचला. "मग मी आत्ता... कुणाचं घर मोजलं?"

"आमचं. फुकटात."

तेवढ्यात बाबा आले. एका हातात चपला, दुसऱ्या हातात दूध. मुलीने झाला प्रकार सांगितला.

"बँक चुकून कधी पैसे कमी घेत नाही," बाबा म्हणाले, "पण माणूस चुकून पाठवते. बसा. चहा घ्या. आलाच आहात तर ऐकून जा, चौदा वर्षं झाली, एक हप्ता चुकवला नाही. मध्ये व्याजदर वाढले तेव्हा लोकांच्या तोंडचं पाणी पळालं. आमचा हप्ता तेवढाच राहिला. बँक चांगली आहे. आता सहा वर्षं, की सुटलो."

त्याने मान डोलावली. त्याला भिंती मोजता येत होत्या, कर्जातलं फारसं कळत नव्हतं. त्याने चहा संपवला आणि बी विंगमध्ये गेला. संध्याकाळी तो परत आला. चुकून मोजलेल्या घराचा त्याने नीट नकाशा काढला होता. "टाकून द्यायला जिवावर आलं," तो म्हणाला. बाबांनी चष्मा लावून नकाशा पाहिला आणि स्वयंपाकघर बिल्डरने सांगितलं होतं त्याहून वीतभर लहान आहे, हे चौदा वर्षांनी शोधून काढलं. बिल्डरला त्यांनी मनसोक्त शिव्या दिल्या. ती आणि तो दारात उभे राहून ऐकत होते. दोघांनाही तिथून हलायची घाई दिसत नव्हती.

तेव्हापासून तो तिला 'ए विंग' म्हणू लागला आणि ती त्याला 'मोजणीवाले'.

त्याची कामं शहरभर असायची, पण कामावरून परतताना त्याची बस इस्पितळाच्या थांब्यावरच बदलावी लागते असं त्याने तिला सांगितलं होतं. ते खोटं होतं. तिला ते पहिल्याच आठवड्यात कळलं, कारण बसचे नंबर तिला पाठ होते. ती बोलली नाही. थांब्यामागे एक सिमेंटचा बाक होता. त्यावर बसून दोघं कागदी कपातला चहा प्यायची आणि एकमेकांच्या थकव्याची चौकशी करायची.

"आज किती?"

"छातीचे चाळीस, गुडघे मोजले नाहीत. तुमचं?"

"चार घरं. एका नवीन जोडप्याचं होतं. घर रिकामं, आणि ती दोघं हवेत बोट करून भांडत होती, पलंग इकडे की तिकडे. मी आपला उभा. मला म्हणाले, तुम्हीच सांगा."

"काय सांगितलंत?"

"म्हटलं, पलंग कुठेही ठेवा, भांडण खिडकीपाशी ठेवा. हवा खेळती राहते."

ती हसायची तेव्हा कप दोन्ही हातांनी धरायची. ते त्याच्या लक्षात आलं होतं. तो बोलताना वाक्य अर्धवट सोडतो, हे तिच्या लक्षात आलं होतं. अर्धवट सोडलेल्या वाक्यांची संख्या हळूहळू वाढत होती.

एकदा रिमझिम लागली होती. थांब्याचं छप्पर गळत होतं म्हणून दोघं बाकाच्या एका टोकाला सरकली होती. त्याने विचारलं, "लग्नाचं काय?"

"कुणाच्या?"

"सर्वसाधारण विचारतोय."

"सर्वसाधारण उत्तर... सहा वर्षांनी."

मग तिने सगळं सांगितलं. बाबा कामाला होते तो कारखाना पाच वर्षांपूर्वी बंद पडला. त्याआधी दोन वर्षं आई गेली होती. कारखाना बंद पडल्यापासून हप्ता तिच्या पगारातून जातो. आत्याने दोन-तीन स्थळं आणली. प्रत्येकाने वेगवेगळ्या शब्दांत एकच विचारलं, लग्नानंतर पगार कुणाचा? मग तिने ठरवलं की आधी घर मोकळं करायचं आणि मग स्वतःचं पाहायचं. आत्या रुसली ती अजून रुसलेलीच आहे.

"सहा वर्षं श्वास रोखून धरायचा," तो म्हणाला. "तुम्ही दिवसभर लोकांना सांगता तसा."

"मी लोकांना सोडायलाही सांगते."

"सहा वर्षांनी?"

"तुम्हाला कुणी धरून ठेवलंय?"

त्याने कपाच्या तळाशी पाहिलं. "ठीक आहे. मला घाई नाही. सहा तर सहा."

तो इतक्या सहज म्हणाला की तिला त्या रात्री झोप लागली नाही. पाच वर्षांत पहिल्यांदा तिला सहा वर्षं जास्त वाटली.

म्हणून ती बँकेत गेली. न घेतलेल्या रजांचे पन्नास हजार मिळाले होते. तिचा हिशेब साधा होता. हप्ता सोळा हजार सातशेचा, पन्नास हजारांत तीन हप्ते उडतील, सहा वर्षांतले तीन महिने कमी होतील. तीन महिने म्हणजे काही फार नाही. पण कुणीतरी थांबलेलं असलं की तीन महिनेही मोलाचे वाटतात.

काउंटरमागच्या बाईंनी चष्मा डोक्यावर ढकलला आणि संगणकाच्या पडद्यावर पाहिलं. "पन्नास भरताय? भरा. दहा महिने कमी होतील."

"दहा?" तिला आनंद झाला. "म्हणजे पाच वर्षं आणि..."

"पाच कसली? बारा वर्षं. आज बारा वर्षं दहा महिने आहेत, पन्नास भरलेत की बारा."

"काहीतरी चुकतंय. वीस वर्षांचं कर्ज होतं. चौदा झाली."

बाईंनी चष्मा खाली घेतला. त्यांना हे रोज सांगावं लागत असावं, कारण आवाजात घाई नव्हती आणि आश्चर्यही नव्हतं.

"बसा. कर्ज आठ टक्क्यांनी घेतलं होतं. दोन वर्षांनी दर साडेनऊ झाला. दर वाढला की एक तर हप्ता वाढवायचा, नाही तर वर्षं. हप्ता वाढवला की लोक बोंब मारतात, वर्षं वाढवली की कुणाला कळत नाही. तुमची वर्षं वाढवली. वीसची जवळजवळ सत्तावीस झाली. पत्र पाठवलं असणार."

पत्र आलं होतं. तिला आठवलं. बाबांनी ते उघडून फक्त हप्त्याची ओळ वाचली होती, आकडा तोच आहे हे बघून आईला हाक मारली होती आणि दोघांनी मिळून बँकेला दुवा दिला होता.

"आम्ही आत्तापर्यंत किती भरले?"

"अठ्ठावीस लाख."

"घेतले वीस."

"हो."

"आणि राहिले?"

"जवळजवळ पंधरा." बाईंनी पडदा तिच्याकडे वळवला. "सुरुवातीची वर्षं हप्ता व्याजातच जातो हो. मुद्दलाला हात लागत नाही. असंच चालू ठेवलंत तर वीसचे चोपन्न होतील. म्हणून म्हणते, जमेल तसं वरून भरत जा. कर्ज तारखेने फिटत नाही, मुद्दलाने फिटतं."

तिने पन्नास हजार भरले. मग एक प्रश्न विचारला, त्याचं उत्तर घेतलं आणि बाहेर पडली.

बाबांना सांगायला तिला दोन दिवस लागले. जेवण झाल्यावर सांगितलं. ते बराच वेळ ताटात बोट फिरवत राहिले.

"मी सगळ्या बिल्डिंगला सांगत फिरलो," शेवटी म्हणाले, "बँक चांगली आहे म्हणून."

"बाबा, तुमची चूक नाही."

"अगं, चूक माझी नाही तर कुणाची? वाचता येतं मला." त्यांनी ताट सरकवलं. "मला एवढंच सांग. त्या उंच माणसाला तू सहा वर्षं सांगितली होतीस?"

तिने त्यांचं ताट उचललं.

"मला काय दिसत नाही होय? चुकून मोजलेल्या घराचा नकाशा द्यायला ए विंगेत परत यायचं त्याचं काय काम होतं?"

"आता त्याला काय सांगू?"

"खरं सांग. घराचं मी बघतो. विकून टाकू. एका खोलीत राहीन मी."

"विकायचं नाही," ती म्हणाली. आवाज चढला नाही, चढवायला ताकदच नव्हती.

मोजणीवाल्याला टाळणं सोपं होतं. मागच्या दाराने निघायचं आणि पुढच्या थांब्यावर बस पकडायची. तिने आठवडाभर तसं केलं. मग एका संध्याकाळी तिला स्वतःचीच चीड आली, आणि ती पुढच्या दाराने बाहेर पडली. तो बाकावर होता. शेजारी दोन कप होते, एक गार झालेला.

"रोज दोन घेता?" तिने विचारलं.

"एक वाया जातो. परवडतं."

ती बसली आणि सगळं सांगून टाकलं. सांगताना ती बातमी वाचल्यासारखी बोलत होती... वीस, अठ्ठावीस, पंधरा, चोपन्न. शेवटी म्हणाली, "सहा नाहीत. बारा आहेत. तुम्ही हो म्हणाला होतात ते सहाला. बाराला मी तुम्हाला धरणार नाही."

समोरून त्याची थेट घरी जाणारी बस गेली. त्याने पाहिली आणि जाऊ दिली.

"मी सहाला हो म्हणालो, तीच चूक झाली," तो म्हणाला. "तुम्ही सांगितलंत आणि मी शहाण्यासारखा मान डोलावली. वाटलं, चांगला माणूस असाच वागतो. घरी जाऊन आरशात पाहिलं तर गाढव दिसलं."

"म्हणजे?"

"म्हणजे कर्ज फेडताना जेवता येतं, भांडता येतं, आजारी पडता येतं. लग्न तेवढं करता येत नाही, असं बँकेने कुठे लिहिलंय का?"

"माझा पगार हप्त्यात जातो. तुमच्या घरी काय सांगाल?"

"घरी आहे कोण? एक मोठा भाऊ, तोही परदेशी. त्याला फोनवर सांगेन. कट झाला तर पुन्हा सांगेन."

ती हसली नाही, पण गार कप उचलून दोन्ही हातांत धरला. मग त्याच्याकडे न बघता म्हणाली, "बँकेत मी एक विचारलं होतं. दर महिन्याला नऊ हजार जास्त भरले तर?"

"तर?"

"सहा वर्षं दोन महिने."

"बरं झालं की." तो थांबला. "पण नऊच का? आठ नाही, दहा नाही..."

ती कपाकडे बघत राहिली.

"ए विंग. नऊ हजार हा आकडा कुठून आला?"

"तुमच्या भाड्याच्या खोलीखाली ते इस्त्रीचं दुकान आहे ना..." ती म्हणाली. "त्यांना विचारलं, वरच्या खोलीचं भाडं काय आहे. ते म्हणाले, नऊ हजार, खोली हवीय का? मी म्हटलं नको, आतला माणूस कितीला पडतो ते बघतेय."

"असं म्हणालात?"

"मनात."

त्याचे कान लाल झाले. "म्हणजे मला भाडेकरू म्हणून ठेवणार?"

"बाबा घरजावई म्हणतील. चारचौघांतही म्हणतील, चालेल?"

"बिल्डरपेक्षा माझ्या वाट्याला कमी शिव्या येतील ना?"

"ते सांगता येत नाही. आणि ऐका, दर पुन्हा वाढेल. वाढतोच. तेव्हा वर्षं वाढू द्यायची नाहीत, हप्ता वाढवायचा. जास्तीची घरं मोजावी लागतील. मी जास्तीच्या पाळ्या घेईन. चैन अशी काही होणार नाही. हे आत्ताच सांगते, नंतर म्हणाल पत्र वाचलं नव्हतं."

"वाचलं. शेवटच्या ओळीपर्यंत." त्याने तिच्या हातातला गार कप काढून बाजूला ठेवला. "आता माझं ऐका. तुम्ही मला आवडता. पहिल्या दिवसापासून. मला त्या घरात राहायचंय, तुमच्या बाबांबरोबर, वीतभर लहान स्वयंपाकघरात. कर्ज असो, नसो. लग्न कराल माझ्याशी?"

हे वाक्य त्याने अर्धवट सोडलं नाही.

अशा वेळी डोळ्यांत पाणी येतं, असं तिला नेहमी वाटायचं. तिला जांभई आली. मोठी, लांबलचक, डोळे मिटायला लावणारी. तिने तोंडावर हात धरला तरी ती संपेना.

"हे उत्तर समजायचं?" त्याने विचारलं.

"हो," ती म्हणाली आणि डोकं त्याच्या खांद्याला टेकवलं. "दमलेल्या माणसाचं हो असंच असतं."