पालथा पेला

बसा ना सुनेत्राकाकू. आई खाली बायकांना सोडायला गेलीय, येईलच. तुम्ही जिन्यातून परत का आलात, ते मला कळलंय. मघाशी हळदीकुंकवाला तुम्ही सगळ्या मुलांच्या हातावर तिळगूळ ठेवलात आणि आमच्या राधाला, माझ्या धाकट्या बहिणीला, द्यायचं राहिलं. ती हात पुढे करून तुमच्या समोरच उभी होती. वाईट वाटून घेऊ नका, सगळ्यांचंच होतं. निदान तुम्ही परत आलात. तुमच्या आधी वरच्या क्वार्टरमध्ये ज्या काकू होत्या, त्या बदली होऊन जाईपर्यंत कधी परत आल्या नाहीत.

तुम्ही विचारलंत, राधा कितवीत आहे, आणि आई म्हणाली, पहिलीत. त्या काकूंनाही ती हेच सांगायची.

ट्यूब लावते, थांबा. आज धुकं दुपारीही उठलं नाही. खाली मुलं खेळतायत, त्यांचे नुसते आवाज येतात, दिसत कोणीच नाही. आर. के. पुरमलाच काय, सगळ्या दिल्लीत जानेवारीत हे असंच. सांगते तुम्हाला, पण हसायचं असेल तर आधीच हसून घ्या. मी यूपीएससीची तयारी केलेली मुलगी, भुताखेतांवर माझा तेव्हाही विश्वास नव्हता, आजही नाही. फक्त घरात कोणी पेला पालथा घातलेला मला चालत नाही.

बरीच वर्षं झाली त्याला. तो संक्रांतीचा आदला दिवस होता. आईनं मला मार्केटमध्ये तीळ आणि चिक्कीचा गूळ आणायला पाठवलं होतं. धुकं इतकं, की स्कूटरवाले हॉर्न वाजवत चालल्यासारखे जात होते. आमच्या ब्लॉकच्या गेटपाशी एक भटकी कुत्री असायची, बुंदी. मी दिसले की बिस्किटासाठी पायात यायची. राधा स्वतःला तिची मालकीण म्हणवायची. त्या दिवशी बुंदी आली नाही. गार्ड शेकोटीपाशी बसला होता, तो म्हणाला, "मर गई बेटा. ठंड में पता नहीं क्या हुआ." पाण्याच्या टाकीमागे कोणीतरी तिच्यावर पोतं टाकलं होतं. मला भरून आलं. राधाला कसं सांगायचं, याचा विचार करतच मी घरी आले.

घरी सुजय कॉम्प्युटरसमोर. माझा धाकटा भाऊ. तेव्हा तो कॉलेजात होता, म्हणजे कागदोपत्री होता. धुक्याचं निमित्त करून दिवस दिवस गेम खेळायचा. राधा त्याच्या मांडीवर, काळा चांदण्यांचा फ्रॉक घालून बसलेली. संक्रांतीला घालायचा तो फ्रॉक हिनं आदल्या दिवशीच अंगात चढवला होता, आणि जिभेनं पुढचा दात हलवत होती. तो दात नुकताच हलायला लागला होता, त्यामुळे स्वारी फार खुशीत होती.

तो गेम म्हणजे एक लांबलचक प्रवास. तुमचा एक नायक, त्याचे सोबती, जंगलं, लढाया. सोबत्यांची नावं आपण द्यायची. सुजयनं राधाला विचारून दिली होती: आई, बाबा, ताई, राधा आणि बुंदी. ताई म्हणजे मी. माझ्या हातात भाला होता, म्हणजे निदान तिथं तरी माझा धाक होता.

वाटेत एक नदी. नावेत बसायला लागणारा बिल्ला फक्त एका म्हाताऱ्याकडे. घाटावरच्या खानावळीत तो फासे घेऊन बसलेला, आणि बिल्ला जुगारात जिंकल्याशिवाय मिळत नाही. तुमचे फासे उघडे पडतात. त्याचे पेल्याखाली असतात. ज्याची बेरीज मोठी तो जिंकला. सुजय त्या म्हाताऱ्यापाशी अडकून पडला होता, पण मला शिकवायचा उत्साह काही कमी नव्हता.

"ताई, यात डोकं लागतं. आधी छोटे डाव लावायचे. म्हातारा कान खाजवतो ना, तेव्हा त्याच्याकडे आकडा लहान असतो. तेव्हाच मोठा डाव लावायचा. आणि हरणार असं वाटलं, तर पेला उचलायच्या आत खालचा स्विच बंद. पेला उचलला की गेम सेव्ह होतो, मग खेळ खल्लास. त्याच्या आधी बंद केलं, तर डाव झालाच नाही."

"ही चीटिंग आहे."

"स्ट्रॅटेजी आहे यार. तू नाही का प्रिलिम्सला दोन पर्याय उडवून तिसऱ्यावर ठोकून देतेस?"

मग तो हसत म्हणाला, "फक्त काल स्विच दाबायला उशीर झाला. बुंदी हरलो."

राधा तिथंच होती, म्हणून टाकीमागच्या पोत्याबद्दल मी काही बोलले नाही. आणि खरं सांगते, माझ्या डोक्यात काही आलंही नाही. कोणाच्या आलं असतं?

म्हातारा कालपासून नाणी घेत नव्हता. पडद्यावर खाली हिंदीत अक्षरं यायची. "सिक्के नहीं. साथी लगाओ." बाजूला सोबत्यांची नावं उजळली. सुजय थांबला. राधा मात्र उड्या मारायला लागली.

"मला लाव दादा, मला."

"तू गप बस."

"खाली पण मला कोणी घेत नाही. मी नेहमी कच्चा लिंबू. माझ्यावर कधीच राज्य येत नाही. इथं तरी मला लाव ना."

खाली सगळ्या प्रांतांची पोरं खेळतात, पण कच्चा लिंबू हा शब्द त्यांना आमच्या आईनं शिकवलाय. खेळात घ्यायचं, पण धरायचं नाही. आउट नाही, राज्य नाही, काही नाही. लहान मुलांना फार लागतं ते.

सुजयनं राधाच्या नावावर क्लिक केलं.

त्याचे फासे उघडे पडले. दोन्ही एक. म्हाताऱ्यानं पेला पालथा घातला, पण कान खाजवला नाही. तो नुसता राधाच्या जागेकडे बघत बसला. म्हणजे पडद्यातून बाहेर, मांडीवर जिथं ती बसली होती तिकडे. त्याची बोटं पेल्याकडे सरकली आणि सुजयनं पायानं स्विच दाबला.

पडदा काळा झाला. सुजय म्हणाला, "वाचलो." पण मला आवाज आला काकू. लाकडावर पेला घासत सरकल्याचा, अगदी हळू. आणि खोलीत ओल्या लाकडाचा वास, नदीकाठच्या नावेला येतो तसा. खिडक्या बंद होत्या.

संध्याकाळपर्यंत राधाला ताप भरला.

हॉस्पिटलचं सगळं सांगत बसत नाही. डेंग्यू नाही, न्यूमोनिया नाही, मेंदूज्वर नाही. ती डोळे मिटून पडून राहिली. डॉक्टर चांगले होते, रोज नवी तपासणी करायचे आणि रोज म्हणायचे, बघू. बाबांनी ऑफिसातून रजा टाकली. आई तिथंच बाकावर राहायची. मी डबा घेऊन जायची आणि परत यायची. एका दुपारी परत आले तर सुजय अंधारात कॉम्प्युटरसमोर बसलेला. चेहरा पांढरा पडलेला.

"ताई, बुंदी कधी मेली?"

मी सांगितलं.

"मग बघ हे..."

त्यानं गेम चालू केला. डाव झालाच नाही, असं तो म्हणाला होता ना? गेम सरळ त्या मेजापाशीच उघडला. आमचे दोन एक तसेच पडलेले. पेला पालथा. म्हातारा मान खाली घालून बसलेला. करण्यासारखं एकच होतं, पेला उचलायचा. मागे जाता येत नव्हतं, उठता येत नव्हतं. सुजयनं जुने सेव्ह शोधले, सगळे याच मेजापाशी उघडत होते.

"उचलला तर हरणार. दोन एकांनी कोण जिंकतं? नाही उचलला तर..." तो रडायला लागला. "मी काय करू ताई?"

मी त्याला मूर्ख म्हणणार होते. तेवढ्यात आईचा फोन आला. तिचा आवाज ओळखू येत नव्हता. राधाचा श्वास लागलाय, मशिनवर ठेवतायत, बाबांनी सही केली. "तुम्ही दोघं या. लगेच या."

बाहेर भर दुपार होती, पण खिडकीत नुसती राखाडी भिंत. मी सुजयच्या शेजारी बसले. माझी राधा तिकडे गुदमरत होती आणि मी एका गेमकडे बघत होते, याची मला लाज वाटत होती. तरी डोकं सवयीनं पर्याय उडवत होतं. उचलणं उडवलं. न उचलणं उडवलं. मग कोपऱ्यात सोबत्यांची नावं दिसली आणि मी विचारलं, "ही बदलता येतात?"

"नावं? हो, कधीही. पण त्यानं काय..."

मी की-बोर्ड ओढला. राधा खोडलं. त्या जागी लिहिलं, कच्चा लिंबू.

म्हाताऱ्यानं मान वर केली.

सुजय माझा हात धरत होता, पण मी पेला उचलला. त्याच्याखाली सहा आणि सहा. आम्ही हरलो होतो. म्हाताऱ्यानं आमच्या सोबत्यांच्या रांगेकडे हात लांब केला, आणि तो हात मध्येच थांबला. किती वेळ, सांगता येत नाही. मग खाली अक्षरं आली. त्या गेममध्ये इंग्लिश होतं आणि हिंदी होतं. मराठी नव्हतंच. सुजयनं नंतर सगळं उलटंपालटं करून पाहिलं.

अक्षरं मराठीत होती. "कच्चा लिंबू. बरं. मग हिच्यावर राज्य नाही."

आणि त्यानं फासे गोळा करून पेला पुन्हा पालथा घातला.

आम्ही हॉस्पिटलला पोचलो, तेव्हा राधा डोळे उघडून पाणी मागत होती. आईनं मला घट्ट मिठी मारली. मी खूप रडले, आणि त्या दिवसासारखं सुख मला पुन्हा कधी झालं नाही.

त्यानंतरचं माझ्या हळूहळू लक्षात आलं. आधी ताटं. आई जेवायला वाढायची आणि एक ताट कमी पडायचं. मग शाळा. बाई हजेरीत तिचं नाव घ्यायच्या नाहीत. निकाल लागला, वर्ग वर गेला, राधा तिथंच. नापास नाही, तिचं नाव कशातच नव्हतं. पुढच्या एप्रिलला नवी मुलं आली आणि ती त्यांच्यात बसली. कोणी काही विचारलं नाही. बाबांनी एकदा डॉक्टरांना दाखवलं, वाढ दिसत नाही म्हणून. त्यांनी तपासलं, तिच्याशी गोड बोलले आणि मग बाबांकडे वळून म्हणाले, "हां, तो पेशंट कहाँ है?" घरी येईपर्यंत बाबासुद्धा विसरले कशाला गेलो होतो ते. आई तिच्यावर जीव टाकते हो, पोरगी समोर असली की. समोर नसली की नाही.

आज तिनं घातलेला काळा फ्रॉक पाहिलात? तोच आहे. अजून अंगाला नीट बसतो. आणि तो दात अजून हलतोय. सुजय मानेसरला नोकरीला लागला. कंपनीची बस आहे, रोज इथून जाता आलं असतं, पण तिथंच खोली घेऊन राहतो. घरी येत नाही. फोन करतो तेव्हा एकच विचारतो, "दात पडला का तिचा?"

कॉम्प्युटर वर माळ्यावर आहे, चादरीत गुंडाळून. टाकायला हात होत नाही. टाकला तर काय होईल, माहीत नाही ना. कधी कधी असं धुकं असलं की वरून तो आवाज येतो... पेला सरकल्यासारखा. थोडाच सरकतो आणि थांबतो.

आज सकाळी मी तिची वेणी घालत होते. तिला आम्ही यातलं काही सांगितलेलं नाही. आरशात बघत ती म्हणाली, "ताई, माझ्यावर राज्य कधी येणार?"

"मोठी झालीस की."

"मी मोठी होत नाही ना पण." अगदी शांतपणे म्हणाली. "खालची सगळी मोठी झाली. आता ती खेळायलाच येत नाहीत. नवीन पोरं पण मला कच्चा लिंबूच म्हणतात."

मी तिची रिबीन सोडून पुन्हा बांधायला घेतली.

"ते आजोबा म्हणतात, ताईनं माझं नाव परत लिहिलं, की लगेच माझ्यावर राज्य. मग लिही ना ताई. मला कंटाळा आलाय."

कोण आजोबा, हे विचारायचं धैर्य मला झालं नाही. तिनं जिभेनं दात पुढे-मागे हलवला आणि माझ्याकडे बघत राहिली.

मी काय करू, तुम्ही सांगा काकू. नाव लिहिलं तर तिची पाळी येईल, आणि पेल्याखाली काय आहे, ते मी पाहिलंय. नाही लिहिलं तर माझी राधा अशीच सगळ्यांच्या हातातून सुटत जाईल. आई-बाबा, मी, आम्ही सगळे संपून जाऊ आणि ही पहिलीतच. आणि एखाद्या दिवशी मीही ताट घ्यायला विसरले तर? परवा विसरलेच होते.

निघालात? हो, उशीर झाला खरा. पण काकू, तुमच्या मुठीत तो तिळगूळ आहे ना, तो कोणासाठी परत घेऊन आला होतात, आठवतंय का?

मागे बघा. ती केव्हाची हात पुढे करून उभी आहे.