अंगाईची चौथी ओळ

"चेहरा नको गं, ताई! फक्त हात! चेहरा आला की आई जाते..."

धाकट्याने कॅमेऱ्याआडून हे इतक्या सहज म्हटले, की ताईच्या हातातली सुई कचकन बोटात रुतली. सकाळपासून हेच चालले होते! आईच्या आठवणींवर तो एक छोटा चित्रपट करत होता. तिच्या अंगाईच्या एकेका ओळीला एकेक दृश्य. पहिलीला विझणारा दिवा, दुसरीला सदरा शिवणारे आईचे हात, तिसरीला बंद दार... आणि त्या हातांसाठी ताईचे हात उसने! खिडकीवर चादर टांगलेली, तिचे शिलाई मशीन कोपऱ्यात ढकललेले, गिऱ्हाइकांचे कपडे पलंगावर लोळत पडलेले.

"हळू ओढ ना दोरा! आई असं खसाखस नाही ओढायची."

"तू पाहिलं होतंस वाटतं? ती गेली तेव्हा एवढंसं शेंबडं पोर होतास!"

"आठवतं मला! फक्त चौथी ओळ आठवत नाही. तिच्यावाचून शेवट कसा करू? तुला येत असेल ना?"

ताईने दोरा दातांनी तोडला. येत होती! अख्खी अंगाई तिनेच तर रचली होती, आई गेल्यावर कॉलेज सोडून, रडून रडून निळ्या पडणाऱ्या या पोराला मांडीवर घेऊन! पुढे तो 'आई कशी होती' विचारू लागला, तेव्हा चौथी ओळ गाळून आपले हात, आपला सूर, सारे तिने आईच्या नावावर करून टाकले. एवढ्याशा लेकराला रिकामी आई कशी द्यायची?

"परत घेऊ! हात आईसारखे वाटतच नाहीत."

आता मात्र हद्द झाली! ताईने सदरा त्याच्या अंगावर भिरकावला. "कसे वाटतील? ऐक तुझी चौथी ओळ!" आणि ती म्हणू लागली...

नीज माझ्या सोन्या, दिवा मालवला,
फाटका सदरा मी दोऱ्याने शिवला,
दाराकडे डोळा नको लावू बाळा,
आई नाही आता, ताई आहे तुला!

धाकटा कॅमेऱ्याआडून पुढे आला. तिचे रक्ताळलेले बोट त्याने मुठीत धरले, लहानपणी धरायचा तस्से.

"म्हणजे ते हात... तू? आणि मग माझी आई कुठंय गं, ताई? माझ्याकडे तिचं काहीच उरलं नाही..."

हेच, हेच तर तिला टाळायचे होते! डोळे पुसत ती करवादली, "वेड्या, तुझ्या आईला साधं बटण लावता येत नव्हतं! एकदा बाबांच्या सदऱ्याची बाहीचं तोंडच शिवून बंद करून बसली, आणि स्वतःच हसत सुटली... तिचं हसू ऐकून तू पाळण्यात खिदळायचास."

रडता रडता त्याला हसू फुटले. कॅमेरा बंद करायला त्याने हात पुढे केला.

"असू दे चालू," ताई म्हणाली. "अजून पुष्कळ सांगायचंय तिचं."