थर्माकोलचा बर्फ

एप्रिलच्या उन्हात, सेक्टर सहाच्या बागेजवळ, मी लोकरी कोट घालून परदेशात उभी होते.

छत्तीसगढी सिनेमाचं शूटिंग होतं. नायक-नायिका विलायतेत भेटतात, भांडतात, एकमेकांसाठी झुरतात… आणि विलायत म्हणजे आमच्याच गुलमोहराखाली पसरलेला थर्माकोलचा चुरा. भाजी घेऊन घरी निघालेल्या मला असिस्टंटनं थांबवलं आणि नायक-नायिकेच्या मागून चालणाऱ्या जोडप्यातली ‘ती’ करून टाकलं.

आणि ‘तो’?

हर्षल. कुम्हारीच्या बसमध्ये रोज माझ्या पुढच्या सीटवर बसणारा. वर्षभरात एकमेकांची नावं तेवढी कळलेली, पण आमच्यात एक शब्द नाही. फक्त मी बसले, की तो त्याची खिडकी लावून घ्यायचा.

“हाथ पकड़ो, भाई. फॉरेन है,” असिस्टंट म्हणाला.

त्याचा तळवा घामानं ओला. माझाही. दिव्याच्या खांबापर्यंत हातात हात घालून चालायचं, तिथं निरोप घ्यायचा — तो डावीकडे, मी उजवीकडे. एवढंच काम.

पण बघ्यांत सायकल धरून तेजरामकाका उभे होते. कारखान्यात बाबांच्याच शिफ्टला असणारे. खांब यायच्या आधीच मी हात सोडला.

कट.

दुसऱ्यांदाही तेच.

“कावून घाबरून राहिल्या, वंदनाजी?” तिसऱ्या टेकला चालता चालता तो हळूच म्हणाला.

“काका पाहून राहिले. घरी सांगतीन.”

“सांगू द्या. सोमवारी मी मस्कतले चाललो… दोन वर्सं.”

माझे पायच थांबले. पुन्हा कट. आता मात्र डायरेक्टर वैतागला. ऊन उतरत होतं. हा शेवटचा टेक.

आम्ही चालू लागलो. खांब जवळ येत होता. आज नाही विचारलं तर सोमवारपासून पुढच्या सीटवर भलतंच कोणी बसलेलं असणार.

“बसची खिडकी कावून लावत होते तुमी?”

“धूळ येते ना.”

“मी बसल्यावरच?”

“हो…” त्याचे कान लाल झाले. “तवाच येते.”

खांब आला. काका टक लावून बघत होते.

मी हात सोडला नाही.

“छोड़ो, मैडम… छोड़ो,” असिस्टंट कुजबुजत होता.

“वापस येशीन ना?” मी विचारलं.

हर्षलनं माझ्या केसांतला थर्माकोलचा कण अलगद काढला आणि उगाच खिशात ठेवला.

कट!

तेवढ्यात काकांनी सायकलवर टांग मारली — आमच्या क्वार्टरच्या दिशेनं.

“येईन,” तो म्हणाला. “पण आधी तुया बाबाले भेटतो. चाल… काकाच्या आधी पोचू.”

आणि आम्ही धावत सुटलो. अंगात लोकरी कोट तसेच, भाजीची पिशवी त्याच्या खांद्यावर, मागून असिस्टंटची बोंब.

हात काही सुटला नव्हता.