फाटकावरची मोजणी

दार लोटून घे रे, वारा येतोय. आणि दिवा राहू दे. उद्या पहाटे तुम्ही दोघं पहिल्यांदाच गाईड म्हणून डोंगराची ट्रिप घेऊन निघणार, म्हणून सांगतो. एरवी मी ही गोष्ट गॅरेजमध्ये काढत नाही. ऐकीव नाही ही. ज्याच्यावर बेतली तो माझ्या शेजारच्या खाटेवर दहा वर्षं झोपला, आणि मी त्याच्या बसचे ब्रेक बांधले.

त्याला सगळे मामा म्हणायचे. सख्खा मामा कोणाचाच नव्हता, पण ड्रायव्हर असा की घाटात मागच्या सीटवर चहाचा कप ठेवा, थेंब सांडायचा नाही. जानेवारीतला दुसरा रविवार होता. शहरातून सकाळी सहाला निघायचं, दिवसभर डोंगरातले पाच पॉइंट दाखवायचे आणि रात्री साडेदहाला माणसं होती तिथे आणून सोडायची. नेहमीचंच काम. अडतीस प्रवासी, एक ड्रायव्हर, एक गाईड.

गाईडला घड्याळ्या म्हणत. पोरगा हुशार, बोलायला मिठ्ठास, पण वेळेच्या बाबतीत खवीस. उशिरा येणाऱ्यांसाठी त्याने एक गंमत काढली होती. कोणी उशीर केला की तो माणूस लांबून दिसताच बस हळूहळू चालू करायची. तो बिचारा मागे पळणार, घड्याळ्या माईकवर त्याच्या पळण्याचं वर्णन करणार, आतले सगळे मोबाईल काढून पोट धरधरून हसणार. शंभर पावलं पळवलं की बस थांबायची. गाणी, गोंधळ चालू असायचा, म्हणून घड्याळ्या मामाच्या डाव्या खांद्यावर थाप मारायचा. एक थाप, थांब. दोन थापा, चल. मामाला मान वळवायचीही गरज नसे. घाटात ते बरंच होतं.

त्या दिवशी सतरा नंबरच्या सीटवर एक म्हातारी होती. एकटीच. करडा मफलर, पायात कॅनव्हासचे बूट. आयुष्यभर शिवणाचं दुकान चालवलं, मशीनसमोर खिडकी आणि खिडकीसमोर दुसऱ्या इमारतीची भिंत. नाश्त्याच्या वेळी ती मामाच्या शेजारी येऊन उभी राहिली.

"अहो, तुम्हाला रोज दिसतो का हो डोंगर?"

"रोज रस्ता दिसतो, मावशी. डोंगर तुम्ही बघायचा."

"बघते बाई आज. डोळे भरून बघते. गुडघे काही साथ देत नाहीत, पण बघते."

गुडघ्यांनी खरंच साथ दिली नाही. पहिल्या पॉइंटला पाच मिनिटं उशीर, दुसऱ्याला आठ. तिसऱ्यापासून घड्याळ्या माईकवर तिला नावाने हाक मारेनासा झाला. "सतरा नंबर, आपली वाट पाहून ड्रायव्हर म्हातारे झाले." बस हसली. मामाही हसला. हे मला सांगताना तो रडत होता, पण त्या दिवशी तो हसला होता.

आता त्या रस्त्याचं एक नीट ऐकून ठेवा, उद्या कामाला येईल. रस्ता इतका अरुंद की दुपारी बारापर्यंत फक्त वर जायचं आणि चार ते सात फक्त खाली यायचं. सातच्या ठोक्याला खालचं फाटक बंद, ते सकाळी सहाला उघडणार. फाटकावरचा चौकीदार सकाळी वर जाताना डोकी मोजून लिहून घेतो आणि संध्याकाळी खाली येताना पुन्हा मोजतो. आकडा जुळला नाही तर बस अडकली. मग चौकशी, पोलीस, आणि सगळ्यांची रात्र थंडीत.

शेवटच्या पॉइंटवर दिवसभर धुकं होतं. लोक कंटाळून साडेसहाच्या आतच येऊन बसले. सतरा नंबर रिकामी. सहा छत्तीसला ती दिसली, कठड्याकडून येत होती. एका हातात पिशवी, दुसरा हात वर. तेवढ्यात ढग फाटला असावा, कारण ती हसत होती. अखेर तिला डोंगर दिसला होता.

खांद्यावर दोन थापा पडल्या. मामाने गिअर टाकला.

"आणि सतरा नंबर धावायला लागल्या आहेत!" माईक सुरू झाला. "मंडळी, बघा बघा, काय वेग, काय डौल!"

मामा आरशात बघत होता. पिशवी छातीशी धरून म्हातारी पळत होती. पळत कसली, लंगडत होती. तोंड उघडं. शंभर पावलं झाली. थाप पडली नाही. घड्याळ्याला त्या दिवशी हसण्याची नशा चढली होती. "अजून थोडं, मामा. अजून थोडं. दिवसभर आपल्याला तंगवलंय बाईंनी."

पुढे रस्ता डावीकडे वळतो. उजवीकडे दरी. तिथे कठडा नाही, नुसते चुना फासलेले दगड. बस वळली. मागून धुकं आलं आणि आरसा पांढरा झाला.

मग एक थाप पडली.

बस थांबली. एक मिनिट, दोन मिनिटं. कोणीच आलं नाही. हसणं हळूहळू विरलं. घड्याळ्या बॅटरी घेऊन उतरला, वळणापर्यंत गेला आणि लगेच परत आला. चेहऱ्यावर रक्ताचा थेंब नव्हता.

"चहावाल्याकडे परत गेली वाटतं," तो म्हणाला. "राहील तिथे. सकाळी येईल."

चहावाल्याने सगळ्यांच्या देखत शटर ओढलं होतं आणि तो मोटारसायकलवरून मघाशीच खाली गेला होता. मामाला माहीत होतं. घड्याळ्याला माहीत होतं. अठरा नंबरची बाई म्हणालीसुद्धा, "अहो, त्या राहिल्या ना..." तिच्या नवऱ्याने तिला गप्प केलं. "उद्या ऑफिस आहे. तू मध्ये बोलू नकोस." बाकीचे मूग गिळून बसले.

"मामा, चला," घड्याळ्या म्हणाला. "सहा एक्केचाळीस झाले. फाटक गाठायचंय."

"पोरा, एकदा खाली बघू या."

"काय बघणार? सांगा ना, काय बघणार? गाडी तुम्ही चालवत होतात."

खरंच होतं ते. पाय मामाचा होता. तिथे थांबला असता तर त्याचं काय व्हायचं ते झालं असतं, पण निदान माणूस म्हणून उरला असता. तो थांबला नाही. त्याने गिअर टाकला.

अकरा किलोमीटर मामा बस दामटत राहिला. फाटक दिसायच्या आधी घड्याळ्या उठला. "मोजणीत सदतीस भरतील. मी सतरा नंबरवर बसतो. फाटकावर कोणी तोंड उघडलं तर सगळेच अडकू." म्हातारीचा जादा स्वेटर सीटवर पडला होता. तो त्याने अंगावर ओढून घेतला आणि मान खाली घालून बसला.

सहा अठ्ठावन्न. चौकीदार बॅटरी घेऊन पायरीवर चढला आणि तेव्हा मामाच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. या शहाण्याने एक खड्डा बुजवायला दुसरा खणला होता! सतरा नंबर भरली, पण गाईडची सीट? मामाच्या डाव्या हाताला, दाराजवळ, ती घडीची सीट. ती रिकामी राहिली. आता चौकीदार विचारणार, गाईड कुठंय?

चौकीदार मागपर्यंत मोजत गेला आणि मोजतच परत आला. "अडतीस." मग मामाकडे बॅटरी. "ड्रायव्हर एक."

मग बॅटरी डावीकडे गेली. थोडी थांबली.

"गाईड एक. चाळीस. बरोबर आहे." आणि उतरताना तो आपुलकीने म्हणाला, "या वयात कशाला हो हे काम... मफलर नीट गुंडाळा, बाई. वारा वाईट आहे."

फाटक वर गेलं.

मामाने मान वळवली नाही. मला म्हणाला, वळवताच आली नाही. समोरच्या काचेत आतला दिवा दिसत होता. दिव्याखाली त्याचा स्वतःचा चेहरा. आणि बाजूला... करडं काहीतरी. खाली वाकलेलं. धाप लागल्यासारखं वरखाली होणारं.

डावा हात गार पडत गेला. आधी बोटं. मग कोपर.

बस चालत होती. मागे लोक सैल झाले होते. संकट टळलं ना! कोणीतरी गाणं लावलं. कोणीतरी खाऊचा पुडा फोडला. समोर कोण बसलंय ते कोणालाच दिसत नव्हतं. त्यांना फक्त सीटची पाठ दिसत होती.

सात बारा. तिसरं वळण.

खांद्यावर एक थाप पडली.

हलकी. थंड.

मामाने ब्रेक दाबला. दार उघडलं.

माईक खरखरला. कोणीतरी श्वास घेतला... घेतच राहिलं... मग आवाज आला. बाईचा.

"सतरा नंबर... उतरा."

आणि मग सगळी बस हसत सुटली! लोकांना वाटलं, घड्याळ्याचीच गंमत. कोणीतरी आवाज काढतंय, आता गाईडलाच पळवायचं. टाळ्या. शिट्ट्या. मामा आतल्या आरशात बघत होता. घड्याळ्या पुढच्या सीटचा दांडा दोन्ही हातांनी धरून बसला होता. बोबडी वळली होती त्याची.

"उठा, उठा, सतरा नंबर!"

"दिवसभर आम्हाला तंगवलंत, आता पळा!"

अठरा नंबरच्या बाईच्या नवऱ्याने त्याची बोटं दांड्यावरून सोडवली. एकेक करून, हसत हसत. दोघांनी काखेत हात घातले. पोरगा लाथा झाडत होता. ते त्यांना नाटक वाटलं. दाराजवळ आल्यावर त्याला ती घडीची सीट समोरून दिसली आणि मग तो जो ओरडला...

"मामा! दार लावा! मामा!"

बटण मामाच्या बोटाखाली होतं. दार लावता आलं असतं. मी त्याला विचारलं, का नाही लावलंस? म्हणाला, "बरं वाटलं रे. मला नाही उतरवलं, त्याला उतरवलं, म्हणून बरं वाटलं."

घड्याळ्या रस्त्यावर पडला.

दोन थापा.

मामाने गिअर टाकला. शंभर पावलं झाली. दोनशे झाली. मागे मोबाईल धरून लोक हसत होते. मामा एका थापेची वाट बघत राहिला.

ती पडली नाही.

साडेदहाला बस शहरात उभी राहिली. घडीची सीट मिटलेली होती. लोक उतरले, "मजा आली" म्हणाले, गाईड कुठे राहिला असं दोघातिघांनी विचारलं आणि आपापल्या घरी गेले. मामा तसाच पोलीस चौकीत गेला.

सकाळी म्हातारी सापडली, चुन्याच्या दगडांखाली, चाळीस फुटांवर. डॉक्टर म्हणाले, पडताक्षणीच गेली. म्हणजे सातच्या आधी, फाटकाच्या आधी. घड्याळ्याला तीन दिवस शोधलं, दरीत माणसं उतरवली. नाही सापडला. रात्रभर फाटक बंद होतं आणि चौकीदार शपथेवर सांगत होता की वर कोणी गेलं नाही, खाली कोणी आलं नाही. आज नऊ वर्षं झाली.

मागच्या सीटवरच्या एका पोरीने ते सगळं मोबाईलवर घेतलं होतं. पोलिसांनी मामाला दाखवलं. मामाने नंतर मला दाखवलं, म्हणून मी पाहिलंय. फार नाही, अकरा सेकंद आहे. बसच्या लाल दिव्याच्या उजेडात घड्याळ्या दिसतो. तो पळतोय, पण बसच्या मागे नाही. उलटा, वर, डोंगराकडे. मान मागे वळलेली, तोंड बसकडे, पाय फरफटताहेत. पुढे रस्त्यावर कोणी नाही. पण त्याचा उजवा हात समोर ताठ ताणलेला आहे, मनगटापाशी कोणीतरी धरल्यासारखा, आणि त्या जागी बाही चुरगळलेली दिसते.

आणि अकराच्या अकरा सेकंद सगळी बस हसतेय.